बायबल समजावणारी आणि बायबलची बाजू मांडणारी पुस्तके : गोव्यातील मराठी वाचकासाठी वाचनाचा क्रम

बायबलवरचा एखादा आक्षेप कानावर पडला, की श्रद्धावान ख्रिस्ती वाचक त्याला उत्तर देणारे पुस्तक शोधू लागतो, आणि ज्याची तशी श्रद्धा नाही तो जिज्ञासू वाचक आक्षेपांचेच पुस्तक उघडतो. दोघांच्याही घरी मूळ ग्रंथ कपाटात तसाच राहतो. या लेखात सुचवलेला क्रम याच्या उलट आहे. आधी बायबल वाचावे, मग बायबल समजावून सांगणारी पुस्तके घ्यावीत, आणि त्यानंतरच बायबलची बाजू मांडणाऱ्या पुस्तकांकडे वळावे. हा क्रम मी आग्रहाने सांगतो, कारण समर्थनाचे पुस्तक खरे बोलते आहे की वेळ मारून नेते आहे, हे ओळखण्याची साधने पहिल्या दोन पायऱ्यांवरच हाताला लागतात.

गोव्यातील बहुसंख्य कॅथलिक कुटुंबे प्रार्थना कोकणीत करतात आणि पुस्तके रोमी लिपीतील कोकणीत किंवा इंग्रजीत वाचतात. तरीही मराठीतून वाचणारे येथे थोडे नाहीत. महाराष्ट्रातून येऊन स्थायिक झालेली ख्रिस्ती कुटुंबे आहेत, मराठी शाळांतून शिकलेले ख्रिस्ती आहेत, आणि शेजारच्या घरात रोज वाचल्या जाणाऱ्या ग्रंथात नेमके काय आहे हे जाणून घ्यावेसे वाटणारे फोंडा, डिचोली, पेडणे भागातील हिंदू वाचकही आहेत. पुढील सूचना या सर्वांसाठी आहेत. जेथे श्रद्धावान आणि श्रद्धा नसलेला वाचक यांची वाट वेगळी होते, तेथे तसे सांगितले आहे.

पहिली पायरी : कोणते बायबल घ्यावे

बायबल विकत घेण्यापूर्वी एक गोष्ट पक्की ठाऊक असावी. कॅथलिक बायबलात ७३ ग्रंथ आहेत, तर प्रोटेस्टंट बायबलात ६६. तोबीत, यहुदीथ, मकाबींचे दोन ग्रंथ, ज्ञानग्रंथ, बेन सिराख आणि बारूख हे सात ग्रंथ, तसेच एस्तेर आणि दानीएल यांतील काही भाग प्रोटेस्टंट परंपरेने जुन्या करारात (बायबलाच्या येशूपूर्वीच्या भागात) धरलेला नाही. गोव्यात हा फरक विशेष महत्त्वाचा ठरतो, कारण येथील चर्चमध्ये वाचले जाणारे बायबल ७३ ग्रंथांचे असते, आणि समर्थनाची बाजारात मिळणारी बरीचशी लोकप्रिय पुस्तके मात्र ६६ ग्रंथांचे बायबल गृहीत धरून लिहिलेली असतात. ही बाब ठाऊक नसेल तर वाचकाची पहिल्याच प्रकरणात गफलत होते.

मराठी भाषांतरांची परंपरा दोन शतकांची आहे. विल्यम कॅरी यांनी बंगालमधील श्रीरामपूर येथे मराठी नवा करार (येशू आणि आरंभीचे ख्रिस्ती यांविषयीचा भाग) १८११ मध्ये प्रसिद्ध केला. पंडिता रमाबाई यांनी हिब्रू आणि ग्रीक भाषांचा अभ्यास करून स्वतः केलेले संपूर्ण भाषांतर त्यांच्या निधनानंतर, १९२४ मध्ये, केडगावच्या मुक्ती मिशनमधून प्रसिद्ध झाले. आज सर्वांत सहज मिळते ते बायबल सोसायटी ऑफ इंडियाचे ‘पवित्र शास्त्र’. त्याची भाषा थोडी जुनी आणि संथ आहे, परंतु अध्याय आणि वचने शोधण्यासाठी तेच सोयीचे, कारण मराठीतील बहुतेक ख्रिस्ती लेखन त्यातूनच वचने उद्धृत करते. त्याच्या जोडीला वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचे ‘सुबोध बायबल’ जवळ ठेवावे. त्यातील नव्या कराराला २०१३ चा साहित्य अकादमी अनुवाद पुरस्कार मिळाला, आणि आजच्या मराठी वाचकाला त्यातील वाक्ये अडखळल्याशिवाय वाचता येतात. ज्यांना रोमी लिपीतील कोकणी वाचता येते, त्यांच्यासाठी गोवा महाधर्मप्रांताचे ‘पवित्र पुस्तक’ आहे.

दोन भाषांतरे शेजारी ठेवून वाचणे हा माझ्या मते सर्वांत स्वस्त आणि सर्वांत उपयोगी उपाय आहे. जेथे दोन्हींतील वाक्ये एकमेकांपासून बरीच दूर जातात, तेथे मूळ मजकूर अवघड आहे असे समजून पेन्सिलीने खूण करावी. पुढे टीकाग्रंथ (वचनांचा अर्थ उलगडणारी भाष्ये) उघडताना याच खुणा कामाला येतात.

दुसरी पायरी : कोठून वाचायला सुरुवात करावी

पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सलग वाचण्याचा संकल्प बहुधा लेवीय ग्रंथापाशी अडकतो. त्याऐवजी मार्कच्या शुभवर्तमानापासून, म्हणजे येशूचे चरित्र सांगणाऱ्या चार ग्रंथांपैकी एकापासून, आरंभ करावा. त्याचे सोळा अध्याय आहेत आणि एका निवांत दुपारी ते वाचून संपतात. त्यानंतर लूक आणि त्याच लेखकाचे ‘प्रेषितांची कृत्ये’ वाचावे, म्हणजे येशूची कथा आणि आरंभीच्या ख्रिस्ती समाजाची कथा एका हाताने लिहिलेली वाचायला मिळते. मग मागे जाऊन उत्पत्ती संपूर्ण, निर्गमाचे पहिले वीस अध्याय, स्तोत्रसंहितेतील निवडक स्तोत्रे, यशयाचे ४० ते ५५ अध्याय आणि ईयोब वाचावे. पौलाच्या पत्रांपैकी करिंथकरांस लिहिलेले पहिले पत्र आधी घ्यावे आणि रोमकरांस लिहिलेले नंतर. प्रकटीकरण अगदी शेवटी ठेवावे.

जे दर रविवारी मिसेला जातात त्यांच्या हाताशी आणखी एक क्रम तयार आहे. कॅथलिक चर्चची रविवारची वाचने तीन वर्षांच्या चक्रात लावलेली असतात. पहिल्या वर्षी मुख्यतः मत्तय, दुसऱ्या वर्षी मार्क, तिसऱ्या वर्षी लूक, आणि योहानाचे शुभवर्तमान प्रामुख्याने उपवासकाळात व पुनरुत्थानकाळात वाचले जाते. त्या रविवारचा उतारा आदल्या दिवशी घरी वाचावा आणि त्याच्या मागचा व पुढचा अध्यायही वाचावा. हा मागचा-पुढचा अध्याय महत्त्वाचा आहे, कारण मिसेत वाचला जाणारा उतारा संदर्भातून उचललेला असतो.

वाचताना एक वही ठेवावी आणि तीत प्रश्न लिहावेत. ‘हे कोणी पाहिले?’, ‘हे मत्तयात वेगळे का आहे?’, ‘देवाने असे का सांगितले?’ असे साधे प्रश्नच हवेत. पुढे समर्थनाचे पुस्तक निवडताना ही वही विषयसूचीशी ताडून पाहायची आहे.

तिसरी पायरी : गोव्याचा स्वतःचा ग्रंथ

बायबल समजावून सांगणाऱ्या पुस्तकांची यादी करताना गोव्यातील मराठी वाचकाने परदेशी ग्रंथांकडे जाण्याआधी आपल्याच भूमीतील एका ग्रंथाकडे वळावे. येशूसंघाचे इंग्रज धर्मगुरू फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आले, आयुष्याचा मोठा काळ सासष्टीत राहिले आणि १६१९ मध्ये येथेच वारले. त्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये राशोल येथे छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ कोकणीची छटा असलेल्या मराठीत आहे. ‘पैले पुराण’ जगाच्या निर्मितीपासून तारणाऱ्याच्या प्रतीक्षेपर्यंत येते, आणि ‘दुसरे पुराण’ ख्रिस्ताचे चरित्र सांगते.

हा ग्रंथ आपल्या विषयाला इतका जवळचा का, हे त्याची रचना पाहिली की कळते. त्यात पाद्री निरूपण करतो आणि श्रोते मधूनमधून शंका काढतात. देवाने मनुष्याला पाप करू कसे दिले, तारणारा यायला इतका काळ का लागला, अशा शंका एखाद्या बुद्धिमान श्रोत्याला येतील तशाच तेथे येतात आणि त्यांची उत्तरे कथेच्या ओघात दिली जातात. समजावणे आणि समर्थन करणे ही दोन्ही कामे एकाच ओवीबद्ध रचनेत, ऐकणाऱ्याच्या ओळखीच्या चालीवर केलेली येथे दिसतात. ज्ञानेश्वरीची किंवा एकनाथी भागवताची ओवी ज्याच्या कानात आहे, त्याला ही रचना परकी वाटणार नाही.

दोन सावधगिऱ्या मात्र बाळगाव्यात. ‘ख्रिस्तपुराण’ हे बायबलचे भाषांतर नाही. कवीने अनेक ठिकाणी प्रसंग फुलवले आहेत आणि बायबलाबाहेरच्या ख्रिस्ती परंपरेतूनही बरेच घेतले आहे. म्हणून एखादा प्रसंग बायबलात आहे की स्टीफन्स यांच्या रचनेत, हे प्रत्येक वेळी मूळ अध्याय उघडून तपासावे. दुसरे असे, की स्थानिक देवपूजेवर त्यात केलेली टीका त्या काळच्या मिशनरी दृष्टीतून आली आहे, आणि आजच्या वाचकाने ती त्या काळाची म्हणूनच वाचावी.

सतराव्या शतकातील छापील प्रती आज उपलब्ध नाहीत. जे. एल. साल्दान्या यांनी १९०७ मध्ये मंगळूर येथून रोमी लिपीत आवृत्ती काढली, शांताराम बंडेलू यांची देवनागरी आवृत्ती १९५६ मध्ये आली, आणि फादर नेल्सन फालकांव यांनी २००९ मध्ये आधुनिक मराठी गद्यासह ग्रंथ सिद्ध केला. नवख्या वाचकाने गद्यरूपांतर असलेली आवृत्ती शोधावी. पणजीत पाटो येथील कृष्णदास शामा गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालय आणि पर्वरीचे झेवियर इतिहास संशोधन केंद्र येथील ग्रंथपालांना विचारल्यास कोणती आवृत्ती पाहायला मिळेल हे कळते.

चौथी पायरी : समजावून सांगणारी पुस्तके

येथे सर्वांत आधी एक लहानसा दस्तऐवज वाचावा, कारण तो थोडक्या पानांत पाया घालून देतो. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने, म्हणजे कॅथलिक बिशपांच्या जागतिक धर्मसभेने, १८ नोव्हेंबर १९६५ रोजी संमत केलेले ‘देई वेर्बुम’ हे दैवी प्रकटीकरणावरचे संविधान बायबल वाचणाऱ्याला सांगते, की पवित्र लेखकांना काय म्हणायचे होते हे कळण्यासाठी त्यांनी वापरलेले साहित्यप्रकार ओळखले पाहिजेत. इतिहास, भविष्यवाणी, काव्य या प्रत्येकात सत्य वेगळ्या रीतीने मांडलेले असते. हे एक तत्त्व पचनी पडले, की नंतर समोर येणारे निम्मे आक्षेप आणि त्यांना दिली जाणारी निम्मी चुकीची उत्तरे आपोआप गळून पडतात. ‘देवाचे पंख’ म्हणणाऱ्या स्तोत्रावर कोणी आक्षेप घेत नाही, कारण ते काव्य आहे हे सर्वांना कळते. उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायाबाबत मात्र हाच विवेक दोन्ही बाजूंना सुटतो.

संत ऑगस्टीन यांनी हा धोका सोळाशे वर्षांपूर्वी ओळखला होता. उत्पत्तीवरील आपल्या भाष्यात त्यांनी बजावले, की पृथ्वी, आकाश, ताऱ्यांच्या गती यांविषयी अख्रिस्ती माणसाला अनुभवाने जे नीट ठाऊक असते, त्याविषयी ख्रिस्ती माणूस शास्त्राच्या नावाने भलतेच बोलू लागला तर ऐकणारा शास्त्राचीच टर उडवील, आणि पुनरुत्थानासारख्या गोष्टींवर त्याचा विश्वास कसा बसेल? समर्थनाचे कोणतेही पुस्तक उघडण्यापूर्वी ही ताकीद वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवावी, इतकी ती मोलाची आहे.

इंग्रजी वाचणाऱ्यांसाठी गॉर्डन फी आणि डग्लस स्टुअर्ट यांचे ‘हाऊ टू रीड द बायबल फॉर ऑल इट्स वर्थ’ हे १९८१ चे पुस्तक साहित्यप्रकारानुसार बायबल कसे वाचावे हे शिकवते. पत्र कसे वाचावे, दृष्टान्त कसा वाचावा, भविष्यवाणी कशी वाचावी, असा एकेका प्रकाराचा विचार त्यात आहे. लेखक प्रोटेस्टंट आहेत, तरी पद्धत कोणालाही उपयोगी पडते. कॅथलिक बाजूने रेमंड ब्राऊन यांचे ‘ॲन इंट्रोडक्शन टू द न्यू टेस्टामेंट’ (१९९७) हे जाडजूड पण संथपणे वाचण्याजोगे पुस्तक आहे. ते एका दमात वाचायचे नाही. जे शुभवर्तमान किंवा पत्र हाती असेल, तेवढ्यापुरते प्रकरण त्याच्यासोबत वाचायचे. शब्दसूची, नकाशे आणि बायबलचा कोश या तीन गोष्टी कधी तरी लागतात, पण आरंभी बायबलच्या मागे छापलेले नकाशेही पुरतात.

टीकाग्रंथ घेताना संपूर्ण बायबलवरचा एकच मोठा खंड घेण्यापेक्षा आपण वाचत असलेल्या एका ग्रंथावरचे एक चांगले भाष्य घ्यावे. मोठा खंड प्रत्येक वचनाला दोन ओळी देतो, आणि अडलेल्या वाचकाला त्या दोन ओळी पुरत नाहीत. कॅथलिक पुस्तकांत पहिल्या पानांवर ‘निहिल ऑब्स्टाट’ आणि ‘इम्प्रिमातुर’ अशी संमती दिसते. श्रद्धेच्या शिकवणीला बाध आणणारे काही त्यात नाही, एवढाच तिचा अर्थ असतो. लेखकाचे प्रत्येक मत चर्चचे मत आहे, असा तिचा अर्थ नाही.

पाचवी पायरी : नाताळच्या गोठ्यावर एक सराव

समर्थनाच्या पुस्तकांकडे जाण्यापूर्वी एक सराव करावा, आणि त्यासाठी गोव्यात नाताळात घरोघरी, वाड्यावाड्यावर उभारल्या जाणाऱ्या गोठ्यासारखे साधन नाही. गोठ्यात बाळ येशू, मारिया, जोसेफ, मेंढपाळ, जनावरे, वर तारा आणि उंटांसह आलेले तीन राजे असे सारे एकत्र असते. ६ जानेवारीला रेईस मागोस, चांदर आणि कासावली येथे तीन राजांचे फेस्त होते, त्यामुळे हे चित्र येथील प्रत्येकाच्या डोळ्यांपुढे पक्के आहे.

आता मत्तयाचे पहिले दोन अध्याय आणि लूकचे पहिले दोन अध्याय वाचावेत आणि वहीचे पान उभे दुभागून दोन्ही कथा शेजारी शेजारी लिहाव्यात. मत्तयात स्वप्न जोसेफला पडते, पूर्वेकडून ज्ञानी लोक येतात, ते ‘घरात’ जाऊन बाळाला पाहतात, हेरोद बालकांची हत्या करतो, कुटुंब मिसरात पळते आणि परतल्यावर नाझरेथात जाऊन राहते. लूकमध्ये देवदूत मारियेकडे येतो, कुटुंब आधीपासूनच नाझरेथचे आहे, नावनिशीसाठी (शिरगणतीसाठी) बेथलेहेमला जाते, बाळाला गव्हाणीत ठेवले जाते, मेंढपाळ येतात, यरुशलेमच्या मंदिरात अर्पण होते आणि कुटुंब नाझरेथला परतते. ज्ञानी लोक लूकमध्ये नाहीत आणि मेंढपाळ मत्तयात नाहीत. मत्तय त्यांना राजे म्हणत नाही आणि त्यांची संख्याही सांगत नाही. सोने, ऊद आणि गंधरस या तीन भेटींवरून परंपरेने तीन जण मानले.

दोन्ही रकाने भरले, की त्यांच्याखाली दोहोंत समान असलेल्या गोष्टी लिहाव्यात. मारिया आणि जोसेफ, पवित्र आत्म्याने झालेला गर्भसंभव, दाविदाचा वंश, बेथलेहेममधला जन्म, हेरोदाचा काळ आणि नाझरेथमधले वास्तव्य. एकमेकांवर अवलंबून नसलेल्या दोन कथनांत इतके समान निघावे, ही गोष्ट फरकांइतकीच वजनदार आहे. जो केवळ फरक मोजतो आणि जो केवळ साम्य मोजतो, ते दोघेही अर्धेच पान वाचत असतात.

सर्वांत अवघड मुद्दा लूकच्या दुसऱ्या अध्यायाच्या दुसऱ्या वचनात आहे. क्विरीनिय सूरियाचा सुभेदार असताना नावनिशी झाली, असे तेथे म्हटले आहे. यहुदी इतिहासकार जोसेफस याच्या लेखनानुसार क्विरीनियाची नावनिशी इ. स. ६ च्या सुमारास झाली, आणि हेरोदाचा मृत्यू तर सर्वसाधारणपणे इ. स. पू. ४ मध्ये मानला जातो. म्हणजे लूकच्याच कथेतील दोन खुणांमध्ये सुमारे दहा वर्षांचे अंतर पडते. याला देण्यात येणारी उत्तरे मुख्यतः तीन आहेत. क्विरीनिय याआधीही एकदा सूरियात अधिकारावर होता आणि तेव्हा आणखी एक नावनिशी झाली असावी, हे पहिले. परंतु त्याला ठोस पुरावा नाही. ग्रीक वाक्याचा अर्थ ‘क्विरीनिय सुभेदार होण्यापूर्वी’ असा घ्यावा, हे दुसरे. तसे वाचणे अशक्य नाही, पण बहुतेक भाषांतरकारांनी ते स्वीकारलेले नाही. लूकचा कालनिर्देश येथे अचूक नाही आणि त्याच्या कथनाचा विश्वासाच्या दृष्टीने गाभा वेगळा आहे, हे तिसरे. रेमंड ब्राऊन यांच्यासारख्या कॅथलिक धर्मगुरू-अभ्यासकाने येशूच्या जन्मकथांवरील आपल्या मोठ्या ग्रंथात (१९७७) हीच भूमिका घेतली.

मला स्वतःला तिसरे उत्तर सर्वांत प्रामाणिक वाटते. पण येथे मुद्दा कोणते उत्तर पटते हा नसून पुस्तकाची कसोटी कशी लावावी हा आहे. दुकानात किंवा ग्रंथालयात समर्थनाचे पुस्तक हाती आले, की मागच्या सूचीत क्विरीनियाचे नाव शोधावे आणि तेवढी पाने वाचावीत. नावच नसेल तर पुस्तकाने अवघड जागा टाळली आहे. नाव असेल, पण पहिलेच उत्तर ‘सिद्ध झाले आहे’ म्हणून दिले असेल, तर लेखक पुराव्यापेक्षा पुढे धावतो आहे. तिन्ही उत्तरे त्यांच्या बलाबलासह दिली असतील, तर लेखकाचा स्वतःचा कल कोणताही असो, ते पुस्तक विश्वासाने विकत घ्यावे.

सहावी पायरी : बाजू मांडणारी पुस्तके

ही परंपरा फार जुनी आहे. दुसऱ्या शतकाच्या मध्यावर जस्टिन यांनी रोमन सम्राटाला उद्देशून ख्रिस्ती लोकांची बाजू मांडली. त्याच शतकात केल्सस नावाच्या तत्त्वज्ञाने ख्रिस्ती धर्मावर एक सणसणीत ग्रंथ लिहिला. तो ग्रंथ आज नष्ट झाला आहे. तरीही केल्ससचे म्हणणे आपल्याला बऱ्याच तपशिलाने ठाऊक आहे, कारण इ. स. २४८ च्या सुमारास ख्रिस्ती विद्वान ओरिजेन यांनी त्याला उत्तर लिहिताना त्याची वाक्ये मुद्दामहून जशीच्या तशी उतरवून घेतली. विरोधकाचे म्हणणे इतक्या सचोटीने मांडावे, की पुढच्या पिढ्यांना ते समर्थकाच्याच ग्रंथात वाचता यावे, ही समर्थनाची सर्वोत्तम रीत आहे आणि मी प्रत्येक नवे पुस्तक याच मापाने मोजतो.

मराठीतही हा प्रांत मोकळा नाही. एकोणिसाव्या शतकात मुंबईत मिशनरी जॉन विल्सन आणि हिंदू पंडित मोरभट दांडेकर यांचा वाद झाला, १८५७ मध्ये विष्णुबावा ब्रह्मचारी यांनी समुद्रकिनारी मिशनऱ्यांशी जाहीर वादविवाद केला, आणि बाबा पदमनजी यांच्यासारख्या मराठी ख्रिस्ती लेखकाने विपुल लेखन केले. हे सारे इतिहास म्हणून जरूर वाचावे. मात्र त्यातील खंडनमंडनाचा आवेश आज उसना घेऊ नये, कारण तेव्हाच्या दोन्ही बाजूंनी प्रतिपक्षाचा ग्रंथ बहुधा त्यातील उणी जागा शोधण्यासाठीच उघडला होता.

आधुनिक पुस्तकांपैकी पहिले घ्यावे ते एफ. एफ. ब्रूस यांचे ‘द न्यू टेस्टामेंट डॉक्युमेंट्स : आर दे रिलायेबल?’. १९४३ मध्ये प्रथम निघालेले हे लहानसे पुस्तक नव्या कराराचे ग्रंथ कधी लिहिले गेले, त्यांच्या प्रती कशा टिकल्या आणि बाहेरच्या लेखकांची साक्ष काय आहे, एवढ्याच प्रश्नांना उत्तर देते. रोमन इतिहासकार टॅसिटस याने तिबेरियसच्या कारकिर्दीत पंतय पिलाताने ख्रिस्ताला देहदंड दिल्याची नोंद केली आहे, अशा साक्षींचा विचार त्यात येतो. विषय आखून घेतल्यामुळे ते आजही उपयोगी आहे. पुढच्या काळातील संशोधन वाचायचे असेल तर रिचर्ड बॉकम यांचे ‘जीझस अँड द आयविटनेसेस’ (२००६) घ्यावे. शुभवर्तमानांच्या मागे प्रत्यक्ष पाहणाऱ्यांची साक्ष आहे, असा त्यांचा युक्तिवाद आहे. सर्व अभ्यासकांना तो मान्य नाही, पण तो तपशिलांनिशी केलेला आहे.

सी. एस. लुईस यांचे ‘मिअर ख्रिश्चॅनिटी’ (१९५२) बहुतेक वेळा याच फळीवर ठेवलेले असते. महायुद्धाच्या काळातील रेडिओवरील भाषणांतून तयार झालेले हे पुस्तक ख्रिस्ती श्रद्धेची मांडणी अत्यंत स्वच्छपणे करते. पण बायबल विश्वसनीय आहे का, या प्रश्नाला ते जवळजवळ स्पर्शच करत नाही. येशूने स्वतःविषयी जे म्हटले ते शुभवर्तमानांत नीट नोंदले गेले आहे, असे धरूनच ते पुढे जाते. लुईस वाचावेत, पण ब्रूस यांच्या जागी वाचू नयेत. ली स्ट्रोबेल यांचे ‘द केस फॉर क्राइस्ट’ (१९९८) मुलाखतींच्या रूपात असल्याने भरभर वाचून होते. त्यातील सर्व अभ्यासक एकाच बाजूचे आहेत, हे लक्षात ठेवून ते वाचावे.

प्रत्येक पुस्तकाच्या आरंभी आणखी एक गोष्ट तपासावी. बायबल ‘सत्य’ आहे असे म्हणताना लेखकाला नेमके काय म्हणायचे आहे? इव्हँजेलिकल प्रोटेस्टंट विद्वानांनी काढलेल्या १९७८ च्या शिकागो निवेदनाच्या परंपरेतील लेखक बायबल इतिहास आणि विज्ञान यांच्या क्षेत्रातही निर्दोष आहे असे धरून चालतात. आपल्या तारणासाठी देवाला जे सत्य लिहून ठेवावेसे वाटले ते बायबल निर्दोषपणे शिकवते, असे ‘देई वेर्बुम’ म्हणते. पहिल्या भूमिकेच्या लेखकाला क्विरीनियाचा प्रश्न सोडवणे भागच असते, तर दुसऱ्या भूमिकेच्या लेखकाला तो मोकळा ठेवता येतो. वाचकाला हा फरक ठाऊक नसेल, तर पहिल्या परंपरेचे पुस्तक वाचून गोव्यातील कॅथलिक तरुण जी भूमिका ‘देई वेर्बुम’ने मांडलेली नाही तिचे समर्थन करत बसतो आणि पुढे तीच डळमळली की श्रद्धाच गेली असे समजतो.

सातवी पायरी : विरोधी पुस्तक शेजारी ठेवावे

बार्ट एहरमन यांचे ‘मिसकोटिंग जीझस’ (२००५) हे नव्या कराराच्या हस्तलिखितांतील बदलांवरचे पुस्तक आहे, आणि ते वाचून अनेक वाचक गोंधळतात. त्याच वर्षी ब्रूस मेट्झगर यांच्या ‘द टेक्स्ट ऑफ द न्यू टेस्टामेंट’ या प्रमाणभूत ग्रंथाची चौथी आवृत्ती निघाली, आणि तिचे सहलेखकही एहरमनच आहेत. मेट्झगर श्रद्धावान ख्रिस्ती होते आणि एहरमन त्यांचे विद्यार्थी. दोन्ही पुस्तके शेजारी ठेवून वाचली, की पुरावा कोठे संपतो आणि त्यावरून काढलेला निष्कर्ष कोठे सुरू होतो हे स्पष्ट दिसते. मार्कच्या सोळाव्या अध्यायातील ९ ते २० ही वचने आणि योहानातील व्यभिचारात धरलेल्या स्त्रीची कथा सर्वांत जुन्या हस्तलिखितांत नाहीत, हे दोघांनाही मान्य आहे. श्रद्धावान वाचकाने ही गोष्ट विरोधकाच्या तोंडून प्रथम ऐकण्याऐवजी आपल्या बायबलातील कंसांतून किंवा तळटिपांतून आधीच जाणून घ्यावी.

यहोशवाच्या ग्रंथातील युद्धे आणि संहार यांविषयीच्या पुस्तकांची फळी सर्वांत कठीण आहे. कोणी ती वर्णने त्या काळच्या युद्धकथांची अतिशयोक्ती मानतात, ओरिजेन यांच्यासारखे प्राचीन भाष्यकार त्यांत आत्म्याच्या लढाईचे रूपक पाहतात. मला पूर्ण समाधान देणारे पुस्तक या विषयावर अजून भेटलेले नाही, आणि जे पुस्तक हा प्रश्न दोन पानांत मिटवते त्याच्यापासून दूर राहावे.

आठवी पायरी : गोव्यात हमखास विचारला जाणारा प्रश्न

गोव्यात बायबलची बाजू मांडणाऱ्याला कधी ना कधी इन्क्विझिशनविषयी विचारले जाते. १५६० ते १८१२ या काळात, १७७४ ते १७७८ हा खंड वगळता, धर्मन्यायसभा येथे चालू होती. सासष्टीतील देवळे पाडली गेली. कुठ्ठाळीच्या मंगेशाला आणि केळशीच्या शांतादुर्गेला भाविकांनी नदीपलीकडे, आजच्या फोंडा तालुक्यात नेले. ज्या गोव्यात स्टीफन्स यांनी लोकांच्या भाषेत ग्रंथ लिहिला, त्याच गोव्यात १६८४ च्या पोर्तुगीज फर्मानाने स्थानिक भाषा मागे रेटण्याचा प्रयत्न केला.

या प्रश्नाचे उत्तर समर्थनाच्या पुस्तकात शोधू नये. ते इतिहासाच्या पुस्तकात शोधावे, आणि जे घडले ते घडले असे सरळ म्हणावे. बायबलचे समर्थन म्हणजे पोर्तुगीज सत्तेचे समर्थन नव्हे. जे पुस्तक या दोहोंची सरमिसळ करते, किंवा घडलेल्या अन्यायाला लहान करून दाखवते, ते गोव्यात उपयोगाचे नाही. विचारणारा शेजारी बहुधा वाद घालायला आलेला नसतो. त्याच्या घराण्याच्या कुलदेवतेचे स्थलांतर ही त्याच्या घरात सांगितली जाणारी गोष्ट असते.

नववी पायरी : एकत्र वाचन

एकट्याने वाचण्यापेक्षा चार-सहा जणांनी मिळून वाचणे अधिक फलदायी ठरते. गोव्यातील अनेक चर्चच्या वाड्यावाड्यांवर बायबल एकत्र वाचणारे लहान समूह आहेत. तेथे किंवा एखाद्या घरी पुढील रीत लावून पाहावी. प्रत्येक बैठकीला एकच अध्याय घ्यावा आणि तो प्रथम मोठ्याने, न थांबता वाचावा. मग प्रत्येकाने वहीतील एक प्रश्न मांडावा. एका सदस्याकडे आक्षेपाचे पुस्तक द्यावे आणि त्याने आक्षेप जितका बळकट करता येईल तितका बळकट करून मांडावा. दुसऱ्या सदस्याने समजावणाऱ्या पुस्तकातून, पान सांगून, उत्तर द्यावे. पुढच्या बैठकीत या दोघांनी भूमिकांची अदलाबदल करावी. पेत्राच्या पहिल्या पत्राच्या तिसऱ्या अध्यायात आपल्या आशेविषयी विचारणाऱ्याला उत्तर द्यायला सदैव तयार असावे असे सांगताना ते सौम्यतेने आणि आदराने द्यावे असेही त्याच वाक्यात जोडले आहे, म्हणून बैठकीत कोणी हिंदू किंवा मुसलमान मित्र आला तर त्याला शेवटी नव्हे, सर्वांच्या आधी बोलू द्यावे.

पुस्तके विकत घेताना पैसे मोजकेच असतील, तर आधी दोन मराठी बायबले, मग ‘ख्रिस्तपुराणा’ची गद्यासह आवृत्ती, त्यानंतर एका शुभवर्तमानावरचे एक भाष्य आणि शेवटी ब्रूस, असा क्रम ठेवावा. बाकीची पुस्तके ग्रंथालयातून आणून वाचावीत आणि ज्याच्याकडे दुसऱ्यांदा जावे लागले तेवढेच पुढे विकत घ्यावे.